सहा हजार वर्षांचा लाकडी रस्ता उकरून म्युझियममध्ये का ठेवत नाहीत?

प्रश्न थोडक्यात असा आहे: इंग्लंडमध्ये सॉमरसेटच्या दलदलीत जवळपास ६००० वर्षांपूर्वीचा लाकडी पायरस्ता सापडला, स्वीट ट्रॅक म्हणतात त्याला, तरी त्याचा बराच भाग अजून जमिनीखालीच ठेवलाय आणि तिथे पंपाने पाणी सोडतात, हा काय प्रकार आहे? उकरून काचेत का नाही ठेवत? आणि मुळात लाकूड एवढं टिकलंच कसं, आपल्याकडे तर दाराची चौकट दहा वर्षांत वाळवी फस्त करते.

मी ओल्या लाकडाच्या जतनाचं काम करते, म्हणजे शेकडो-हजारो वर्षं पाण्याखाली किंवा चिखलात राहिलेलं लाकूड बाहेर आलं की पुढे त्याचं काय करायचं ते बघणं, तर उत्तर आधीच सांगून टाकते. उकरणं हा सगळ्यात महाग पर्याय आहे आणि लाकडाच्या जिवावर उठणारा पण तोच आहे. पंपवाले लोक वेडे नाहीयेत. पण "जमिनीत आहे ना, मग राहू दे, सुरक्षित आहे" असं म्हणणारे पण चुकतात, त्यावर खाली येते.

आधी टिकलं कसं ते. लाकूड कुजतं म्हणजे कोणीतरी ते खातं, बुरशी, वाळवी, भुंगेरे, आणि या सगळ्यांना जगायला हवा लागते. पीट म्हणजे अर्धवट कुजलेल्या गवत-शेवाळ्याचा काळपट थर, तो कायम पाण्याने गच्च भरलेला असतो आणि वरच्या थोड्या भागाखाली त्यात ऑक्सिजन जवळजवळ नसतोच. मग बुरशी नाही, वाळवी नाही. उरतात फक्त काही जिवाणू जे हवेशिवाय पण कसंबसं काम करतात, पण इतक्या सावकाश की हजारो वर्षं लागतात. ते पेशींच्या भिंतीतलं सेल्युलोज खात जातात, लिग्निन, म्हणजे लाकडाला ताठपणा देणारा घटक, तो त्यांना फारसा जमत नाही, म्हणून लिग्निनचा नुसता सांगाडा उरतो आणि खाल्लेल्या जागेत पाणी भरतं. म्हणजे बाहेरून बघाल तर फळी जशीच्या तशी, साल आहे, कुऱ्हाडीचे घाव आहेत, गाठी आहेत, रंग सुद्धा कधीकधी उघडल्या क्षणी फिकट सोनेरी असतो आणि हवा लागली की तुमच्या डोळ्यांदेखत काळवंडतो. आणि त्याच फळीवर अंगठ्याचं नख हलकं दाबलं तर नख आत जातं. आकार टिकलाय तो पाण्याने आतून धरून ठेवलाय म्हणून.

आता ही फळी बाहेर काढून उन्हात सोडा, उन्हात कशाला, नुसत्या खोलीत ठेवा. पाणी उडायला लागतं आणि उडताना पाण्याचा ताण त्या पोकळ पेशींच्या भिंती आत ओढतो, त्यांच्यात उभं राहायची ताकद नसते, एकामागून एक पेशी मिटत जातात. फळी आकसते, पिळवटते, उभी-आडवी चिरते आणि शेवटी कोळशासारखा चुरा हातात राहतो. आणि हे परत फिरवता येत नाही हो, परत पाण्यात टाकलं म्हणून ते फुगून पहिल्यासारखं होत नाही.

म्हणून उकरतानाच सगळं वेगळं असतं. १९७० मध्ये रे स्वीट नावाच्या पीट खणणाऱ्या माणसाला चर साफ करताना खाली कठीण फळी लागली, त्याने तुकडा कंपनीकडे दिला, तिथून तो केंब्रिजचे पुरातत्त्वज्ञ जॉन कोल्स यांच्याकडे गेला आणि रस्त्याला नाव त्या कामगाराचं पडलं, जे मला फार आवडतं कारण शोधाचं श्रेय सहसा साहेब लोकांना जातं. पुढे १९७३ ते १९८९ जॉन आणि ब्रायनी कोल्स यांनी सॉमरसेट लेव्हल्स प्रोजेक्ट चालवला. या खोदकामात जमिनीवर पाय टाकत नाहीत, खड्ड्यावर आडव्या फळ्या टाकून त्यावर पालथं झोपून काम करतात, कारण चुकून पाय पडला तर खालची ६००० वर्षांची खुंटी चेपलीच म्हणून समजा. लोखंडी थापी चालत नाही, लाकडी नाहीतर प्लॅस्टिकच्या पट्ट्या आणि बोटं, आणि सारखं पाणी मारत राहायचं. पाठ अशी धरते की बोलायची सोय नाही.

बाहेर काढल्यावर खरा खर्च सुरू होतो. आतलं पाणी काढून त्या जागी दुसरं काहीतरी भरावं लागतं जे घट्ट होऊन भिंतींना आधार देईल. हल्ली बहुतेक ठिकाणी पॉलिएथिलीन ग्लायकॉल, पेग म्हणतो आम्ही, पाण्यात विरघळणारं मेणासारखं रसायन आहे, फळ्या त्याच्या टाकीत महिनोन् महिने बुडवून ठेवायच्या आणि प्रमाण हळूहळू वाढवत न्यायचं, आणि नंतर शक्य असेल तर फ्रीझ ड्राय करायचं म्हणजे बर्फाचं थेट वाफेत रूपांतर होतं आणि तो पाण्याचा ताण येतच नाही. हळूहळू हा शब्द इथे महत्त्वाचा आहे, घाई केली तर बाहेरचा थर भरतो, आतला गाभा पोकळ राहतो आणि फळी आतून बसते. स्वीडनच्या वासा जहाजावर पेगची फवारणी १९६२ ते १९७९ अशी १७ वर्षं चालली आणि त्यानंतर वाळवायला आणखी नऊ वर्षं गेली. इंग्लंडच्या मेरी रोझ जहाजाचं पेग १९९४ ते २०१३. ती जहाजं आहेत, मान्य, पण मग दोन किलोमीटर रस्त्याच्या हजारो फळ्या-खुंट्यांचा हिशोब तुम्हीच करा, टाक्या, हीटर, वीज, माणसं, आणि नंतर कायमचा एसी हॉल.

शिवाय एवढं करून सुद्धा गॅरंटी नाही. नॉर्वेत १९०४ साली ओसेबर्गची जहाज-दफनाची जागा उकरली, त्यातल्या नाजूक लाकडी वस्तूंवर तेव्हाच्या पद्धतीप्रमाणे तुरटीचा उपचार झाला, त्या काळातल्या उत्तम लोकांनी उत्तम समजून केलेला, आणि त्याच तुरटीतून आत आम्ल तयार होऊन त्या वस्तू गेली कित्येक दशकं आतून भुसभुशीत होतायत. वासामध्ये पण गंधक आणि गंजलेल्या लोखंडी खिळ्यांमुळे आम्लाचा प्रॉब्लेम निघालाच. म्हणजे आज आपण जे भरतोय त्याचं शंभर वर्षांनी काय होईल हे छातीठोकपणे कोणी सांगावं? पीटने ६००० वर्षं करून दाखवलंय, आमच्या कुठल्याच केमिकलचा रेकॉर्ड त्याच्या जवळपास नाही.

बरं, आता रस्ता कसा होता ते बघू, कारण फोटोत नुसत्या काळ्या काटक्यांचा ढीग दिसतो आणि लोक म्हणतात यात काय विशेष. डोळ्यापुढे कोकणातला साकव आणू नका, हा ओढ्यावरून उडी मारणारा पूल नाहीये, हा दलदलीच्या अंगावर पडून राहिलेला रस्ता आहे. आधी लांब वासे चिखलावर टोकाला टोक लावून टाकले. मग प्रत्येक वाशाच्या दोन्ही बाजूंनी टोकदार खुंट्या तिरप्या ठोकल्या, अशा की वाशाच्या वर त्या एकमेकींना फुलीसारख्या छेदतील. त्या फुलीच्या वरच्या खोबणीत फळ्या एकापुढे एक ठेवल्या, आणि फळी सरकू नये म्हणून काही ठिकाणी तिच्या टोकाला भोक किंवा खाच पाडून त्यातून उभी खुंटी खाली ठोकली. फळीची रुंदी साधारण ४० सेंमी, म्हणजे एकामागे एक चालायचं, समोरून कोणी आलं तर पंचाईत. पोल्डन टेकड्यांच्या पायथ्यापासून वेस्टहे नावाच्या उंचवट्यापर्यंत जवळपास दोन किलोमीटर, मध्ये सगळा बोरूसारखा लव्हाळा आणि पाणी.

यातली अक्कल लक्षात घ्या. सगळे भाग आधी कोरड्या जागी तयार करून आणता येतात, आणि एकदा सामान हाताशी असलं की दलदलीत जुळवणी पटापट होते. चाक नाही, धातू नाही, दगडी कुऱ्हाड आणि लाकडी पाचर एवढ्यावर. ओकचा बुंधा पाचरी ठोकून उभा फाडायचा. दक्षिणेकडच्या बाजूला फळ्या चारशे वर्षं जुन्या दांडग्या ओकच्या आहेत, त्या बुंध्याच्या केंद्रापासून बाहेर अशा चिरलेल्या, आणि उत्तरेकडे तुलनेने कोवळ्या झाडांच्या, त्या वेगळ्या दिशेने फाडलेल्या कारण बारीक बुंध्यातून केंद्रापासून चिरून रुंद फळी निघतच नाही. म्हणजे दोन टोकांना दोन प्रकारचं जंगल होतं आणि सुताराला दोन्हीची नस माहीत होती. खुंट्यांसाठी हेझल, अल्डर वगैरे, हेझलचे सरळसोट दांडे इतके एकसारखे मिळतात की झाडं बुडाशी तोडून फुटवे येऊ द्यायचे आणि काही वर्षांनी परत तोडायचे हा प्रकार तेव्हाच चालू असावा असं मानतात. खुंटीच्या टोकावर दगडी कुऱ्हाडीचे घाव किंचित खोलगट दिसतात, लोखंडी कुऱ्हाडीचा घाव सपाट आणि स्वच्छ येतो, सवय झाली की तिरप्या उजेडात बघून लगेच कळतं.

आणि वर्ष. हे ऐकून लोकांना खोटं वाटतं. स्वीट ट्रॅकच्या ओकची झाडं इ.स.पू. ३८०७ चा हिवाळा ते ३८०६ ची सुरुवात या दरम्यान तोडली. "सुमारे" वगैरे काही नाही. झाडात दरवर्षी एक कडं वाढतं, चांगल्या वर्षी जाड, वाईट वर्षी बारीक, आणि एका प्रदेशातल्या ओकमध्ये ही जाड-बारीकची माळ सारखी असते. आजच्या झाडापासून जुन्या घरांचे वासे, मग दलदलीतले ओंडके असं मागे मागे जोडत बेलफास्टच्या क्वीन्स युनिव्हर्सिटीतल्या लोकांनी ७००० वर्षांहून लांब माळ तयार केली. रूथ मॉर्गन यांनी स्वीट ट्रॅकच्या फळ्यांची आपापसात माळ आधी जुळवून ठेवली होती पण ती काळात कुठे बसते ते कळत नव्हतं, १९९० च्या सुमारास ती पक्की बसली. हिवाळा कसा कळतो? साल शिल्लक असेल तर सालीच्या लगतचं शेवटचं कडं बघायचं, ते पूर्ण झालेलं असेल आणि पुढच्या वसंताच्या मोठ्या पेशींची सुरुवात नसेल, तर झाड पानगळीत तोडलं. त्याच वाटेवर आधीचा एक रस्ता पण होता, पोस्ट ट्रॅक, त्याचं लाकूड इ.स.पू. ३८३८ चं, आणि त्यातलं काही स्वीट ट्रॅकमध्ये वापरलंय. भंगार वाया न घालवणं काही आजचं नाही.

गंमत म्हणजे एवढी मेहनत करून रस्ता वापरला गेला जेमतेम दहाएक वर्षं. पाणी वाढलं, लव्हाळ्याने गिळला, संपला. आणि लवकर बुडाला म्हणूनच टिकला. जो रस्ता लोकांनी पन्नास वर्षं वापरला असता, डागडुजी केली असती, उन्हापावसात राहिला असता, तो आज नसता. रस्त्याच्या कडेने ज्या वस्तू मिळाल्या त्या पण त्यामुळेच: हेझलनट भरलेलं मडकं, यूच्या लाकडाच्या पिना, लाकडी वाडगा, खेळण्यातली असावी अशी लाकडी कुऱ्हाड, आणि एक हिरवट चकचकीत जेडाइटची कुऱ्हाड, अजिबात न वापरलेली, जिचा दगड आल्प्समधून आलेला. आल्प्सपासून सॉमरसेट! ती पडली का मुद्दाम ठेवली यावर वाद घालतात, माझं मत मुद्दाम, कारण असली वस्तू हातातून पडली तर माणूस चिखलात गुडघाभर उतरून शोधेल. जर्मनीत विट्टेमूरच्या इ.स.पू. १३५ च्या फळीरस्त्यावर तर ओढा ओलांडायच्या जागी लाकडी स्त्री-पुरुष आकृत्या उभ्या केलेल्या मिळाल्या, म्हणजे दलदल ओलांडणं ही नुसती ये-जा नव्हती.

हा जगातला सगळ्यात जुना लाकडी रस्ता असं अजून बऱ्याच ठिकाणी लिहिलेलं दिसेल, ते आता धरू नका, २००९ मध्ये लंडनच्या प्लमस्टेडला बेलमार्श तुरुंगाजवळ याहूनही जुनं असावं असं, जवळपास ६००० वर्षांपूर्वीचं लाकडी बांधकाम सापडलंय.

आयर्लंडचं कॉर्ली पण बघा, वेगळीच केस आहे. लॉंगफर्ड काउंटीत १९८४ मध्ये सापडला, पुरातत्त्वज्ञ बॅरी राफ्टरी यांनी उकरला, ओक इ.स.पू. १४८ चे. इथे पायवाट नाही, तीन ते चार मीटर रुंद रस्ता, जाडजूड ओकच्या फळ्या आडव्या टाकलेल्या, खाली बर्चचे लांब वासे. दिसायला जबरदस्त, पण दलदलीच्या हिशोबाने फाजील जड, स्वतःच्याच वजनाने थोड्याच वर्षांत खाली गेला, दुरुस्तीच्या खुणा पण नाहीत. मला विचाराल तर स्वीट ट्रॅकवाल्यांना दलदल जास्त कळत होती आणि कॉर्लीवाल्यांना रुबाब दाखवायचा होता. कॉर्लीचा १८ मीटरचा तुकडा उपचार करून तिथेच खास बांधलेल्या, हवा नियंत्रित केलेल्या हॉलमध्ये ठेवलाय, १९९४ पासून लोक बघतात. म्हणजे तुम्ही म्हणता तसं केलंय तिथे, पण १८ मीटर! आणि तिथे पर्याय पण नव्हता, आजूबाजूचं पीट जाळून वीज करायला यंत्राने सोलून नेत होते.

आता पंपाचा मुद्दा. स्वीट ट्रॅकचा सुमारे ५०० मीटरचा भाग शॅपविक हीथ या राखीव क्षेत्रात आहे. आजूबाजूला पीट उपसा झाला की शेजारची जमीन खाली जाते आणि हा पट्टा उंच राहून सुकायला लागतो, म्हणून १९८० च्या दशकात बांध घालून पंपाने पाणी देऊन पातळी वर ठेवायची सोय केली. नुसतं पाणी सोडून घरी जायचं नसतं. जमिनीत भोकांचे प्लॅस्टिक पाइप उभे पुरलेले असतात, त्यात पट्टी घालून पाण्याची पातळी वारंवार मोजायची, आम्लता बघायची, ऑक्सिजनची स्थिती बघायची, आणि खरी परीक्षा उन्हाळ्यात असते कारण पाणी फळीच्या खाली उतरलं की हवा आत येते आणि मग हजारो वर्षांची उधारी वसूल व्हायला वेळ लागत नाही. दुसरा शत्रू झाडं. बर्च आणि विलोची झुडपं पाणी शोषतात ते तर आहेच, पण मुळं सरळ त्या मऊ फळीतून आरपार जातात, लाकूड मातीपेक्षा मऊ असल्यावर जाणारच. म्हणून झुडपं तोडत राहावी लागतात, आणि मग निसर्गप्रेमी मंडळी चिडतात, त्यांना दर वेळी नव्याने समजवावं लागतं.

पाणी गेलं तर काय होतं त्याचं उदाहरण यॉर्कशायरचं स्टार कार. मध्यपाषाण काळातली सुमारे ११००० वर्षांपूर्वीची वस्ती, तळ्याकाठी फाडलेल्या लाकडाचे प्लॅटफॉर्म. १९४० च्या दशकाच्या शेवटी उकरली तेव्हा हाडं-लाकूड सुंदर अवस्थेत होतं, मग शेतीसाठी चर खणून निचरा केला, आणि २००४ नंतर परत उघडलं तेव्हा दिसलं की पीटमधलं गंधक हवा लागून आम्ल झालंय, काही हाडं अक्षरशः लिबलिबीत आणि लाकूड चेपून पातळ. वरून बघितलं तर हिरवं शेत, कोणाला कळणार? म्हणून तिथे उलटा निर्णय झाला, वाचणार नाही तर निदान माहिती तरी घ्या, उकरा. म्हणजे नियम असा की पाणी धरून ठेवता येत असेल तर हात लावू नका, येत नसेल तर वेळेवर उकरा, आणि सगळ्यात वाईट म्हणजे "नंतर बघू". सॉमरसेटच्या पीटमधले बरेच लहान रस्ते असेच गेले, उपसलेल्या पीटबरोबर बागेच्या कुंड्यांमध्ये.

आपल्याकडे का नाही सापडत? महाराष्ट्राच्या पठारावर काळी माती पावसाळ्यात गच्च ओली आणि उन्हाळ्यात हात जाईल एवढ्या भेगा, ओलं-कोरडं-ओलं-कोरडं हे लाकडासाठी सगळ्यात घातक, वर वाळवी. कायम पाण्याखाली राहिलेली जागा असेल तर आपल्याकडे पण टिकतं, केरळात पट्टणमला २००७ मध्ये पाण्याने भरलेल्या थरात सुमारे सहा मीटरची होडी आणि सागवानी खुंटे मिळालेच की, दोन हजार वर्षांपूर्वीचे. कोकणात खाडीकाठच्या गाळात, जुन्या बंदरांच्या आसपास काही नसेल असं मी तरी म्हणणार नाही.

म्हणून कामाचं सांगते. जेसीबीने तळं, विहीर किंवा खाडीकाठी पाया खणताना खालच्या निळसर-काळ्या वास मारणाऱ्या चिखलातून घडवलेलं लाकूड वर आलं, तर ते धुवून उन्हात वाळत टाकू नका, तेल-वॉर्निश तर अजिबात नको. त्याच चिखलासकट ओल्या गोणपाटात आणि वरून प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून सावलीत ठेवा, रोज पाणी मारा, किती खोलीवर मिळालं त्याचा पट्टी ठेवून फोटो काढा आणि राज्याच्या पुरातत्त्व विभागाला कळवा. जेवढं अजून खाली आहे ते परत त्याच चिखलाने झाकून टाका. पहिले दोन-तीन दिवस जे होतं त्यावर सगळं ठरतं, नंतर माझ्यासारखीला बोलावून उपयोग नसतो.

बघायला जायचं असेल तर शॅपविक हीथला मूळ रस्त्याच्या मार्गावर नवीन लाकडात केलेली प्रतिकृती आहे, त्यावरून चालता येतं, मूळ फळ्यांचा काही भाग ब्रिटिश म्युझियमकडे आहे, आणि खऱ्या फळ्या जागेवर बघायच्या असतील तर आयर्लंडला कॉर्ली. शॅपविकला हिवाळ्यात जाणार असाल तर गमबूट न्या, वाट सोडून पाय टाकलात तर लगेच कळेल की त्यांना रस्ता का बांधावा लागला.